सातबाऱ्यावरून गळलेली तीन अक्षरे

२०१९ च्या फेब्रुवारीत पंतप्रधान किसान सन्मान निधीची यादी करण्यासाठी आमच्या गावच्या चावडीत गर्दी झाली होती. वर्षाला सहा हजार रुपये मिळणार होते आणि त्यासाठी १ फेब्रुवारी २०१९ या तारखेला जमीन स्वतःच्या नावावर असणे आवश्यक होते. आमचे वडील, ज्यांना आम्ही आण्णा म्हणत असू, आधार कार्ड आणि बँकेचे पासबुक घेऊन रांगेत उभे राहिले आणि तासाभराने तसेच घरी परत आले. ज्या चार एकरांत त्यांनी वयाच्या चौदाव्या वर्षी औत धरले होते, त्या गटाच्या सातबाऱ्यावर त्यांचे नाव नव्हते. त्यांच्या वडिलांचेही नव्हते. नावे होती ती फक्त थोरल्या आजोबांच्या घरची, म्हणजे माझ्या चुलत चुलत्यांची आणि त्यांच्या वारसांची.

इतकी वर्षे हे कोणाच्या लक्षात कसे आले नाही, असा प्रश्न मला शहरातल्या मित्रांनी पुष्कळ वेळा विचारला आहे. लक्षात आले नव्हते असे नाही, पण त्याने काही अडत नव्हते. बांध ठरलेले होते, विहिरीच्या पाण्याच्या पाळ्या ठरलेल्या होत्या. सोसायटीचे पीककर्ज थोरल्या घराच्या नावावर उचलले जाई आणि आमच्या वाट्याची रक्कम आण्णा व्याजासकट त्यांच्या हाती नेऊन देत. शेतसाऱ्याची पावती थोरल्या घराच्या नावाने फाटे. कागद त्यांच्याकडे आणि जमीन ज्याची त्याच्याकडे, ही व्यवस्था जवळजवळ पंचेचाळीस वर्षे बिनबोभाट चालली. आण्णा त्याच वर्षी दिवाळीनंतर गेले. त्यांच्या वारसांची नोंद करावी म्हणून मी तलाठ्यांकडे गेलो, तेव्हा त्यांनी संगणकाच्या पडद्याकडे बघत शांतपणे सांगितले, “ज्यांचं नावच दाखल नाही, त्यांचे वारस लावायचे कुठे?”

मग मी जुने उतारे काढायला लागलो. महाराष्ट्रातल्या अनेक तालुक्यांचे जुने अभिलेख आता स्कॅन करून ‘आपले अभिलेख’ या संकेतस्थळावर ठेवलेले आहेत, पण आमच्या गावचे नेमके हवे ते पान तिथे इतके पुसट होते की शेवटी तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात नकलेचा अर्ज करावा लागला. तिसऱ्या हेलपाट्याला लाल कापडात बांधलेले दप्तर सुटले आणि १९५३ चा फेरफार, म्हणजे सातबाऱ्यावरची नावे बदलल्याची नोंद, हाती आला. मोडी वळणाच्या अक्षरात तिथे जे लिहिले होते त्याचा आशय असा, की पणजोबा १९५२ साली मयत झाले, त्यांना तीन मुलगे वारस असून ते एकत्र राहतात, सबब थोरल्या मुलाचे नाव एकत्र कुटुंबाचा मॅनेजर म्हणून दाखल केले. त्याच सालच्या सातबाऱ्यावर थोरल्या आजोबांच्या नावापुढे ‘ए.कु.मॅ.’ अशी तीन अक्षरे होती. आमच्या आजोबांचा आणि त्यांच्या धाकट्या भावाचा बारा एकरांतला हक्क, म्हणजे प्रत्येकी एक हेक्टर बासष्ट आर जमीन, त्या तीन अक्षरांवर तरून होती.

१९७४ साली थोरले आजोबा वारले. त्यांच्या वारसांची नोंद झाली, त्या फेरफारात ‘मयताचे वारस’ म्हणून त्यांची पत्नी आणि दोन मुलगे एवढीच नावे आली, तीन मुलींची नावे खातेदारांत न येता ‘इतर अधिकार’ या रकान्यात गेली आणि ए.कु.मॅ. ही अक्षरे नव्या उताऱ्यावर उतरलीच नाहीत. मॅनेजर गेला तर कुटुंबाचा दुसरा मॅनेजर नोंदवायचा किंवा सगळ्या शाखांची नावे चढवायची, हे साधे तर्कशास्त्र आहे. परंतु ज्याने तो फेरफार लिहिला त्याच्यासमोर एक मयत नाव होते आणि त्या नावाचे वारस होते, एवढेच. त्याने मुद्दाम केले असे मी म्हणत नाही. त्या काळच्या एका तलाठ्याकडे किती गावे असत आणि दिव्याखाली बसून तो किती फेरफार ओढत असे, हे मी आजीकडून ऐकलेले आहे.

या चुकीचा खरा दोष असा, की ती स्वतःचे रक्षण स्वतः करते. फेरफाराची नोंद घेतल्यावर तिची प्रत चावडीवर लावायची, हितसंबंध असलेल्यांना नोटीस द्यायची, हरकतीसाठी पंधरा दिवस थांबायचे आणि मग मंडळ अधिकाऱ्याने नोंद प्रमाणित करायची, अशी पद्धत महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५० मध्ये घालून दिलेली आहे. नोटीस कोणाला, तर ज्यांचा हितसंबंध अभिलेखावरून दिसतो त्यांना. आमचे आजोबा अभिलेखावर कधी नावानिशी आलेच नव्हते, त्यामुळे त्यांना नोटीस जाण्याचे कारण नव्हते. चावडीवरचा कागद त्यांनी वाचला नसणार, कारण त्यांना वाचता येत नव्हते. पुढे १९९० च्या दशकात थोरल्या आजी गेल्या, मग एक चुलता गेला. दर वेळी वारस नोंद झाली आणि दर वेळी मागचा उतारा खरा धरून पुढचा लिहिला गेला.

इथे सातबारा म्हणजे काय, याविषयी थोडे लिहिले पाहिजे, कारण गावात निम्मी भांडणे त्याच्या चुकीच्या समजुतीने होतात. गाव नमुना सात हा हक्काचा आणि गाव नमुना बारा हा पिकांचा. दोन्ही एका कागदावर छापतात म्हणून सातबारा. मुंबई इलाख्यात हक्कनोंदणीचा पहिला कायदा १९०३ साली झाला आणि त्यामागचा हेतू सारा कोणाकडून वसूल करायचा हे ठरवण्याचा होता. मालकी ठरवण्याचे काम दिवाणी न्यायालयाचे, हे तेव्हापासून आजवर बदललेले नाही. फेरफाराच्या नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि नष्टही होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ च्या सावर्णी विरुद्ध इंदर कौर या निकालात सांगितले आणि त्यानंतर कित्येकदा सांगितले. तरीही संहितेच्या कलम १५७ प्रमाणे नोंद चुकीची ठरेपर्यंत ती खरी मानायची असते. म्हणजे सातबारा मालकीचा पुरावा नाही, हे वाक्य कायद्याने बरोबर असले, तरी बँक, सोसायटी, भूसंपादन अधिकारी आणि सोयरिकीला आलेले पाहुणे या सगळ्यांना तोच दाखवावा लागतो.

आम्हाला पहिला सल्ला मिळाला तो कलम १५५ चा. लेखनप्रमाद असेल तर तहसीलदार तो दुरुस्त करू शकतात, एक साधा अर्ज करा, महिन्याभरात काम होईल, असे एका जाणत्या माणसाने सांगितले. आमच्या वकिलांनी तो सल्ला ऐकून चष्मा काढून टेबलावर ठेवला. नावातले काना-मात्रा चुकले, क्षेत्राचा आकडा उतरवताना नऊचे सहा झाले, तर तो लेखनप्रमाद. एका अख्ख्या शाखेचा हक्क नाकारला जात असेल आणि समोरचा हरकत घेणार असेल, तर तहसीलदारांनी दिलेला आदेश वरच्या अपिलात टिकणार नाही आणि तुमची दोन वर्षे मात्र जातील, असे त्यांचे म्हणणे होते. दुसरा रस्ता १९७४ च्या फेरफाराविरुद्ध प्रांताधिकाऱ्यांकडे अपील करण्याचा होता. अशा अपिलाची मुदत साठ दिवस. आम्हाला पंचेचाळीस वर्षांचा विलंब माफ करून घ्यायचा होता. प्रांत, अपर जिल्हाधिकारी, अपर आयुक्त, मंत्रालय अशी ती शिडी असते आणि शेवटच्या पायरीवरही उत्तर बहुधा एकच मिळते, की मालकीचा वाद दिवाणी न्यायालयात न्यावा. माझ्या ओळखीच्या दोन घरांनी ती शिडी पूर्ण चढून, उतरून, मग दिवाणी दावा लावलेला आहे. आम्ही सरळ वाटपाचा आणि हक्क जाहीर करून मागण्याचा दावा केला.

दाव्यात मुदतीचा प्रश्न आला, पण तो वाटला तेवढा अवघड नव्हता. एका सहहिस्सेदाराचा ताबा हा कायद्याच्या दृष्टीने सगळ्यांचा ताबा असतो. फक्त नाव नोंदले गेले म्हणून बाकीच्यांचा हक्क संपत नाही. त्यांना उघडपणे डावलले आणि ते त्यांना कळले, तिथून बारा वर्षे मोजायची. आम्हाला तर कोणी जमिनीवरून उठवलेच नव्हते. याचा पुरावा जिथून मिळेल असे वाटले नव्हते तिथून मिळाला. १९७० च्या दशकातल्या गाव नमुना बाराच्या नकला काढल्या, तर पीकपाहणीत ‘जमीन करणाराचे नाव’ या रकान्यात ज्वारी, हरभरा आणि पुढे एका साली भुईमूग यांच्यासमोर आण्णांचे नाव होते. वकिलांनी त्या ओळीवर पेन्सिलीने बारीक रेघ ओढली. मी तो कागद घरी आणून आईला दाखवला. तिने भुईमुगाचे साल बघून सांगितले, की त्या वर्षी शेंगा विकून तिला पहिल्यांदा शिवणयंत्र घेतले होते.

इथपर्यंत आम्ही अन्याय झालेल्या पक्षातले होतो आणि त्या भूमिकेत एक प्रकारचे सुख असते, हे मान्य केले पाहिजे. ते सुख वकिलांच्या कार्यालयात वंशावळ लिहायला बसलो त्या दुपारी संपले. मी आजोबांच्या नावाखाली रेघ ओढून आण्णांचे नाव लिहिले आणि थांबलो. वकिलांनी विचारले, “आजोबांना एकच अपत्य?” आण्णांना दोन बहिणी. थोरल्या आत्या अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या, धाकट्या २०१२ साली गेलेल्या, त्यांना दोन मुले. माझा भाऊ पटकन म्हणाला, की आत्यांना लग्नात सगळे दिलेले आहे आणि त्या काही मागणार नाहीत, नंतर संमतीपत्र घेऊ. त्याच्या तोंडचे वाक्य मी आधी ऐकलेले होते. दोनच आठवड्यांपूर्वी चुलत चुलत्यांनी बैठकीत आण्णांबद्दल तेच म्हटले होते, की तो कधी काही मागणारा नव्हता.

मुलींच्या हक्काचा कायदा मला तोवर वरवर माहीत होता. हिंदू उत्तराधिकार कायद्यात महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलींना जन्मतः सहदायकत्व, म्हणजे एकत्र कुटुंबाच्या मालमत्तेत मुलाइतका हक्क, दिले, परंतु त्या तारखेपूर्वी लग्न झालेल्या मुलींना वगळले. आमच्या दोन्ही आत्यांची लग्ने त्याआधी कित्येक वर्षे झालेली, त्यामुळे गावात समजूत रूढ झाली ती ‘चौऱ्याण्णवच्या आधी लग्न झालेल्यांना काही नाही’ अशी, आणि ती आजही पारावर ठामपणे सांगितली जाते. केंद्राच्या ९ सप्टेंबर २००५ च्या दुरुस्तीने ही लग्नाची अट उरली नाही. त्या तारखेला वडील हयात असले पाहिजेत का, यावर न्यायालयांत बरीच वर्षे उलटसुलट निकाल झाले आणि ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो वाद संपवला. मुलीचा हक्क जन्माने आहे, वडील २००५ पूर्वी वारलेले असले तरी तो जात नाही. २० डिसेंबर २००४ पूर्वी रीतसर वाटप झालेले असेल तर मात्र ते मोडता येत नाही. तोंडी वाटपाची सबब सहसा चालणार नाही, सरकारी कागदपत्रांचा भक्कम आधार असेल तरच अपवाद, असेही न्यायालयाने त्यात म्हटले. आमचे आजोबा १९८१ साली गेले, वाटप कधीच झालेले नव्हते, आणि दोन्ही आत्या २००५ साली हयात होत्या. कुठूनही बघितले तरी आजोबांच्या तिसऱ्या हिश्श्याचे तीन समान भाग होत होते.

आणि संमतीपत्राचे म्हणाल, तर मुद्रांकावर बहिणीची सही घेऊन नोटरीचा शिक्का मारला, की हक्क सुटला, अशी जी समजूत आहे तिच्यात काही तथ्य नाही. स्थावरातला हक्क सोडायचा तर हक्कसोडपत्र दुय्यम निबंधकांसमोर नोंदवावे लागते. भावाच्या पाठीवर हात ठेवून बहिणीने ‘मला काही नको’ म्हटले, हा प्रेमाचा भाग झाला. फेरफार त्यावर होत नाही. वारसाच्या शपथपत्रातून बहिणींची नावे गाळून नोंद करून घेणारे अनेक आहेत. तसे शपथपत्र खोटे ठरते आणि त्यावरची नोंद वीस वर्षांनी एखाद्या भाचीने आव्हान दिले की कोसळते.

मी आणि भाऊ थोरल्या आत्यांकडे गेलो. चहा झाला, इकडच्या तिकडच्या गोष्टी झाल्या, आणि मग भावाने हक्कसोडीचा विषय काढला. आत्या बराच वेळ पदराच्या टोकाशी चाळा करत बसल्या आणि म्हणाल्या, “अरे, सोडायला मी सोडीन. पण माझ्या नावावर कधी आलंच नाही, ते मी सोडू कसं? आधी येऊ तर दे.” भाऊ परतीच्या वाटेवर मोटारीत एक शब्द बोलला नाही. वंशावळीत दोन्ही आत्यांच्या रेघा ओढल्या गेल्या.

धाकट्या आजोबांची शाखा शोधणे हे वेगळेच काम होते. ते मुंबईला गिरणीत लागलेले. १९८२ च्या संपानंतर गावी परत न येता डोंबिवलीत स्थिरावले होते. त्यांच्या नातवंडांना गावी जमीन आहे याचा पत्ताच नव्हता आणि आमच्या नोटिशीने ती मंडळी प्रथम घाबरली. वाटपाच्या दाव्यात सगळे हिस्सेदार पक्षकार असावे लागतात, एक राहिला तरी दावा अपुरा ठरू शकतो. शेवटी दाव्याच्या पहिल्या पानावर तेवीस नावे झाली. थोरल्या घरच्या तिन्ही मुली, ज्यांची नावे १९७४ पासून ‘इतर अधिकारा’त बसून होती, त्याही त्यात आल्या; आणि त्यांच्यापैकी एकीने कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, आपल्या सख्ख्या भावांच्या विरुद्ध आमच्या म्हणण्याला दुजोरा दिला, तेव्हा चुलत चुलत्यांचा आवाज पहिल्यांदा खाली आला.

दावा २०२१ साली दाखल झाला. तारखांविषयी लिहिण्यासारखे काही नाही. ज्यांनी त्या काढल्या आहेत त्यांना माहीत आहेत आणि ज्यांनी काढल्या नाहीत त्यांना सांगून समजणार नाहीत. १९५३ च्या फेरफाराची प्रमाणित नक्कल दाखल झाल्यावर समोरच्या वकिलांनीच तडजोडीचा विषय काढला. २०२४ साली लोकअदालतीत तडजोड हुकूमनामा झाला. ज्याची वहिवाट त्याच्याकडे, हे मूळ धरले. विहीर सामाईक राहिली. थोरल्या घराच्या बाजूला गेलेले आमचे चार गुंठे आम्ही भावांनी आमच्या वाट्यातून सोडले, कारण त्यावर त्यांनी घर बांधलेले होते. मला ते चार गुंठे आजही खटकतात, हेही नोंदवून ठेवतो.

२०२५ च्या एप्रिलमध्ये शासनाची ‘जिवंत सातबारा’ मोहीम राज्यभर सुरू झाली, म्हणजे मयत खातेदारांची नावे कमी करून वारसांची लावण्याची. उपक्रम चांगला होता आणि ज्यांच्या उताऱ्यावर आजोबांचे नाव अजून होते त्यांच्यासाठी तो उपयोगाचा होता. आमच्यासारख्या घरांना मात्र त्याचा उपयोग नव्हता, कारण जिवंत करायला आधी मयताचे नाव तरी उताऱ्यावर असावे लागते. आमची नोंद हुकूमनाम्यावरून झाली. पंधरा दिवसांची नोटीस निघाली, ती या वेळी तेवीसही जणांना गेली, कोणाची हरकत आली नाही आणि मंडळ अधिकाऱ्यांनी फेरफार प्रमाणित केला.

पंधरा रुपये भरून डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा मी मोबाइलवर उतरवून घेतला आणि छापून आत्यांकडे नेला. जुनी नावे तलाठ्यांच्या भाषेत ‘कंसात’ गेली होती, नवी त्याखाली होती. आत्यांनी स्वतःचे नाव बोट ठेवून वाचले, हिस्सा विचारला, मी चोपन्न आर सांगितल्यावर ‘म्हणजे किती एकर’ विचारले, आणि मग कागद डोळ्यांजवळ नेऊन वरपासून खालपर्यंत काही तरी शोधत राहिल्या. आण्णांचे नाव कुठे आहे, असे त्यांनी विचारले. आण्णा दाव्याच्या आधीच गेले होते, त्यामुळे हुकूमनाम्यात आणि उताऱ्यावर थेट आम्हा वारसांची नावे आली होती. खातेदार म्हणून आण्णा त्या जमिनीच्या सातबाऱ्यावर एक दिवसही लागले नाहीत. मी आत्यांना माझे नाव दाखवले आणि त्यातल्या मधल्या शब्दावर बोट ठेवले.